ऐंशीव्या किलोमीटरवरची हाक

सिनेमाचं पोस्टर लावलं होतं ते नेमकं काट्यासमोरच्या खांबावर. मनिलाच्या उत्तरेला, डोंगरातल्या ला त्रिनिदादच्या भाजीबाजारात सकाळी सातला सगळ्या डोंगरातले ट्रक येऊन टेकतात, तिथेच. बिनिंगने गाजरांचं पोतं काट्यावर चढवलं, वजन ओरडून सांगितलं, मान वर केली, तर समोर लाकाय आम्बिनो. हातभर लांब चेहरा, तोंड अर्धवट उघडं, मान मागे वळवलेली, आणि ओठाच्या कोपऱ्यातून हनुवटीपर्यंत आलेला लाल ओघळ. खाली जाड अक्षरांत लिहिलं होतं: मेंदू थांबतो, पाय थांबत नाहीत.

"रक्त म्हणून दाखवलंय मेल्यांनी!" बिनिंग ओरडली. "सुपारी आहे ती, सुपारी!"

"मानांग, सुपारी आहे हे तुला ठाऊक, मला ठाऊक," पोती उतरवणारा एक हमाल म्हणाला. त्याचेही दात लालच होते. "मनिलात कोण ओळखणार? तिकडे लाल दिसलं की रक्तच."

दुसऱ्याने दोन्ही हात तोंडाशी नेले आणि बारीक, रडवेल्या आवाजात हाक मारली, "आम्बिनोऽऽ, चल रे, मागे राहू नकोस!" सगळा बाजार खदाखदा हसला. म्हातारा वेडा झाला म्हणे. ऐंशी किलोमीटर पळाला आणि डोक्यावर परिणाम झाला म्हणे. हसणाऱ्यांत असा एकही नव्हता ज्याच्या आईने लहानपणी त्याला नदीवरून आणताना हीच हाक मारली नसेल. पण सिनेमात दाखवलं की आपली स्वतःची गोष्टसुद्धा माणसाला परकी वाटायला लागते आणि तो तिच्यावर हसायला मोकळा होतो, त्याचा बिनिंगला खरा संताप आला. तिने पोस्टर टराटरा फाडलं. पलीकडच्या खांबावर दुसरं होतं, त्याच्यापलीकडे तिसरं. काट्यापाशी ट्रकवाले खोळंबून बोंब मारायला लागले, तेव्हा ती परत आली.

रागाच्या मुळाशी एक काटा होता, आणि तो कुणाला दिसत नव्हता. पोस्टरवरचं ते दृश्य बिनिंगनेच टिपलेलं होतं.

अल्बिना दाओयान हे तिचं कागदोपत्री नाव. धाकट्यांची ती मानांग बिनिंग, म्हणजे बिनिंगताई. वय एकेचाळीस. आठवड्यातल्या पाच सकाळी बाजारात काट्यावर, उरलेला वेळ डोंगरात. तिचा जन्म सायेतचा. तिथे कोबी-बटाट्याची शेतं दरीत आणि रस्ता वर माथ्यावर. मधे दीड तासाचा उभा चढ. शाळेत जायच्या आधी पोरांनी कपाळपट्टीला बटाट्याची टोपली लावून ती रस्त्यापर्यंत पोचवायची आणि मग शाळा गाठायची. उशीर झाला की मास्तरांची छडी ठरलेली. शर्यत हा शब्द तिच्या आयुष्यात फार नंतर आला. पळायला ती शिकली ती छडीच्या भीतीने.

तिसाव्या वर्षी उसने बूट घालून तिने पहिली पन्नास किलोमीटरची शर्यत पळून काढली. बायकांत तिसरी आली. बातमीवाले गाडी घेऊन आले होते. त्यांनी शेवटचे दोनशे मीटर टिपले, पहिल्या आलेल्या मुलीला रडायला लावलं, आणि जेवायला निघून गेले. बिनिंग त्यांच्यामागे भातखाचराच्या बांधापर्यंत गेली आणि म्हणाली, "अहो, आणि बाकीची शर्यत? ती कोण दाखवणार?" ते म्हणाले, "तिथवर गाडी जात नाही, बाई." ती म्हणाली, "माणूस जातो ना!" त्यांना तो विनोद वाटला.

त्या रागातून तिने बागियो शहरातून जुना कॅमेरा घेतला, मुठीएवढा, आणि तो तळहाताला पट्ट्याने बांधून ती पळायला लागली. गाडी जात नाही तिथे ती जात होती. पळणाऱ्याच्या मागे पाच पावलं, त्याच्याच वेगाने, त्याच्याच चिखलातून. आठ वर्षांत पाच फिल्म झाल्या. गावच्या बास्केटबॉलच्या मैदानावर चादर बांधून त्या दाखवल्या गेल्या. तिचा बाप म्हणायचा, "घामाघूम झालेली माणसं बघायला मी बाकावर कशाला बसू? आरसा आहे की घरात." आणि प्रत्येक खेळ शेवटपर्यंत बसून बघायचा.

पाचवी फिल्म मनिलात कुणीतरी पाहिली आणि तिला चार दिवसांच्या शिबिराला बोलावलं. तिथे थंडगार खोलीत एका नामांकित बाईंनी सांगितलं, "कॅमेरा हातात असेल तेव्हा तुम्ही मेलेले असता. बोलायचं नाही, मदत करायची नाही, मधे यायचं नाही. समोरच्याला तुम्ही नसताच." बिनिंगला ते फार पटलं. आपण इतके दिवस अडाण्यासारखे पळणाऱ्यांशी गप्पा मारत होतो, असं तिला वाटलं. घरी आल्यावर तिने नवऱ्याला, देल्फिनला, हा नियम सांगितला. देल्फिन भाजीचा ट्रक चालवतो. तो म्हणाला, "मेलेली असतेस, मग धापा कोण टाकतं?" तिने त्याला जेवण वाढलं नाही.

आणि मग आली गेल्या वर्षीची सायेतची शंभरी.

ही शंभर किलोमीटरची शर्यत आमच्या जुन्या ओझ्याच्या वाटेवरून जाते. रस्ता व्हायच्या आधी मीठ, पत्रे, शिवणयंत्रं, सगळं याच वाटेने माणसांच्या पाठीवरून आलं. लाकाय आम्बिनोने पंचवीस वर्षं ती ओझी वाहिली होती. लाकाय म्हणजे आमच्याकडे म्हातारबाबा. वय त्रेसष्ट, पोटऱ्या दगडासारख्या, पायात शेतातले रबरी गमबूट, कमरेला सुपारीची पिशवी. बूट काढून शर्यतीचे बूट घाला म्हणून सांगणाऱ्यांना तो म्हणायचा, "या वाटेला माझे गमबूट ओळखीचे आहेत, उगाच नवीन पाहुणा कशाला नेऊ?" त्याने ही शंभरी आठ वेळा पुरी केली होती आणि गेल्या वर्षी नववी. दहा वेळा पुरी करणाऱ्याचा नंबर मग दुसऱ्या कुणालाही देत नाहीत, असा या शर्यतीचा नियम आहे. लाकायचा नंबर चौदा. आयुष्यभर दुसऱ्याच्या मालावर दुसऱ्याचं नाव वाचत चाललेल्या माणसाला चौदा हा आकडा स्वतःचा करून हवा होता. बक्षीस वगैरे त्याला काही नको होतं.

गेल्या वर्षी बिनिंग त्याच्यामागे होती. ऐंशीव्या किलोमीटरवर, खिंडीखालच्या झऱ्यापाशी, ओल्या दगडावरून त्याचा पाय सरकला. तो कोपरावर पडला, बराच जोरात. उठून बसला, कोपर चोळलं, तोंडातली सुपारी थुंकली, ती अर्धी हनुवटीवर आली. मग उभा राहिला, दोन पावलं चालला आणि आमच्याकडचं कुठलंही माणूस जे करेल ते त्याने केलं. स्वतःला हाक मारली. "आम्बिनो, चल. मागे राहू नकोस. आम्बिनो, चल. आम्बिनो, चल घरी."

जिथे माणूस पडतो, दचकतो, तिथे त्याचा जीव मागे रेंगाळतो. शरीर पुढे गेलं आणि जीव तिथेच बसून राहिला, की माणूस पुढे झुरत जातो, अन्न गोड लागत नाही. म्हणून नाव घेऊन बोलवायचं. आणि सोबत कुणी असेल, तर त्याने त्या जिवाच्या वतीने ओ द्यायची, "आलो, आलो." मग दोघांनी मागे न बघता निघायचं. ओ आली नाही तर हाक पुरी होत नाही. हे आमच्याकडे कुणी कुणाला शिकवत नाही, चालायला लागल्यावर येतंच.

लाकायने तीनदा हाक मारली आणि मान वळवून मागे बघितलं. सोबत बिनिंग होती. तो तिच्या ओची वाट बघत होता.

बिनिंगने ओ दिली नाही. कॅमेरा हातात होता आणि ती मेलेली होती.

थोडा वेळ वाट बघून लाकायने मान फिरवली आणि तो पळायला लागला. पुढे वीस किलोमीटर तो नीट पळाला, नववी शंभरी पुरी केली, भात आणि खारवलेलं डुकराचं मांस पोटभर जेवला. झऱ्याबद्दल तो तिच्याशी काही बोलला नाही. तीही बोलली नाही.

महिन्याभराने मनिलाचे जोलोसर आले. शर्यतीचा खर्च त्यांची कंपनी उचलते आणि फिल्मही काढते. माणूस गोड. बिनिंगच्या घरी जमिनीवर बसून रताळी खाल्ली, तिच्या बापाला आदराने आपो आपो करत राहिला. "तुझी दृश्यं मोठ्या पडद्यावर जातील बिनिंग. तुझ्या माणसांना जग बघेल." तिने निवडक तुकडे काढून दिले. निवड करताना ती नेहमी आवाज बंद ठेवायची, कारण खिंडीतला वारा कानठळ्या बसवतो. झऱ्याचा तुकडा तिने सगळ्यात वर ठेवला होता. तो खरोखरच चांगला आला होता.

कंपनीने त्या तुकड्यावर ढोल वाजवले. गंभीर आवाजातला एक माणूस वर बोलला, "ऐंशी किलोमीटरनंतर मेंदू साथ सोडतो. हा वृद्ध धावपटू स्वतःचं नाव विसरू नये म्हणून ते ओरडतो आहे." सुपारीचा ओघळ जवळून दाखवला. जगाने बघितलं, हळहळ व्यक्त केली. आणि या वर्षी लाकायने नाव नोंदवलं, तेव्हा उलट टपाली पत्र आलं. त्याच कंपनीचं. चित्रपटात दिसलेल्या प्रसंगावरून स्पर्धकाच्या मानसिक स्थितीबद्दल चिंता वाटत असल्यामुळे, त्याच्याच सुरक्षिततेसाठी, त्याचा प्रवेश नाकारण्यात येत आहे. म्हणजे यांनीच वेडा ठरवायचं, त्या वेडाची तिकिटं विकायची, आणि वर वेडा आहेस म्हणून घरी बसवायचं! पत्राच्या कोपऱ्यात त्याच पोस्टरचं छोटं चित्र होतं. ते छापताना कुणाला लाज वाटली नाही.

बाजारात पोस्टर फाडलं त्याच दिवशी दुपारी बिनिंग सायेतला गेली. लाकाय ओट्यावर बसून बियाण्याचे बटाटे निवडत होता. पत्र त्याने घडी घालून कौलाच्या फटीत खोचून ठेवलं होतं.

"ये गं, आडिंग," तो म्हणाला. धाकट्या बहिणीला म्हणावं तसं तो तिला आडिंग म्हणायचा. "बस. कॉफी आहे, साखर कमी पडली असेल तर सांग."

"लाकाय, मी त्यांना सोडणार नाही."

"काय करशील? मनिलाला चालत जाशील?"

"शनिवारी सकाळी समितीची बैठक आहे, पालिकेच्या सभागृहात. जोलोसर येणार, त्यांची डॉक्टरीण येणार. माझ्याकडे सगळं चित्रण आहे, न कापलेलं. पडायच्या आधी वीस मिनिटं तुम्ही किती शहाण्यासारखं बोलत होतात, नंतर किती बोलत होतात, सगळं आहे. दाखवते त्यांना. त्यांच्या तोंडावर मारते."

लाकायने एक बटाटा उचलला, डोळा तपासला, बाजूला टाकला. "परवा चर्चमध्ये पोरं माझ्यामागे ओरडली," तो म्हणाला. "आम्बिनो, चल. मी म्हटलं, बरं झालं बाबांनो, कुणीतरी बोलावतंय." तो हसला, पण बटाट्याकडे बघत. मग म्हणाला, "वेडा म्हणाले त्याचं काही नाही. पण चौदा नंबर या वर्षी कुणातरी पोराला देतील. ते मला बघवणार नाही."

"नाही देणार," बिनिंग म्हणाली. "माझा शब्द."

शुक्रवारी दुपारी तिने चित्रण उघडलं. देल्फिन ट्रक धुऊन आला होता आणि शेजारी बसून शेंगा खात होता. या वेळी आवाज लावायलाच हवा होता, डॉक्टरणीला लाकायचं बोलणं ऐकवायचं होतं ना. आणि बोलणं होतंही फक्कड. पडायच्या आधी लाकाय पुढच्या धावपटूच्या रंगीत बुटांना नावं ठेवत होता, कुठला दगड हलतो ते बोट दाखवून सांगत होता. बिनिंग मांडीवर थापा मारत होती. "बघ, बघ! हा वेडा? यांच्या सगळ्या कंपनीत एवढं डोकं नाही!"

मग झरा आला. पाय सरकला. सुपारी थुंकली. आम्बिनो, चल. तिसरी हाक. लाकायने मान वळवली. वारा त्या क्षणी पडला होता. आणि कॅमेऱ्याच्या अगदी जवळून, धापेतून, एक बाई कुजबुजली, "आलं! सोन्यासारखं आलं. हलू नका लाकाय, हलू नका."

देल्फिनने शेंग तोंडात नेता नेता हात थांबवला.

बिनिंगने ते पुन्हा लावलं. आवाज तिचाच होता. तिला काही म्हणजे काही आठवत नव्हतं. वर्षभर ती स्वतःला सांगत आली होती की दम लागला होता, तोंडातून शब्द फुटत नव्हता, शिवाय नियम होता. मेलेल्या माणसाने ओ कशी द्यायची? पण मेलेलं माणूस बोललं होतं की. आठ शब्द बोललं होतं. दम होता, जीभ होती, तोंड होतं. आलो एवढंच म्हणायचं होतं, दोन अक्षरं, आणि ती भलतंच बोलली होती.

"तीन-चार सेकंद आहेत," देल्फिन म्हणाला. "काप."

"कापू?"

"म्हाताऱ्याचं काम झालं की बस. तुझी कुजबुज कशाला पाहिजे त्यात? डॉक्टरीण काय तुला तपासायला येतेय?"

"त्यांनी कापलं म्हणून मी आज आठवडाभर बाजारात बोंबलतेय. त्यांना मेले म्हटलं मी. आणि आता मीच कापू?"

"त्यांनी दुसऱ्याची लाज काढायला कापलं. तू स्वतःची झाकायला कापतेस. फरक आहे."

"झाकायला कापतेय म्हणूनच जास्त वाईट आहे ते!" ती किंचाळली आणि शेंगांची टोपली तिच्या हातून उलटली. देल्फिनने शेंगा गोळा केल्या. तिने काही कापलं नाही.

शनिवारी सभागृह गच्च भरलं होतं. नंबर वाटायचं टेबल तिथेच दाराशी लावलं होतं, त्यामुळे धावपटूही होते, आणि फुकट सिनेमा आहे कळल्यावर बाजारातले हमालही आले होते. लाकाय इस्त्रीचा सदरा आणि तेच गमबूट घालून पहिल्या बाकावर बसला होता. समितीचा अध्यक्ष आमच्या गावचाच कपितान, म्हणजे निवडून दिलेला गावप्रमुख. त्याच्या एका बाजूला जोलोसर, दुसऱ्या बाजूला कंपनीची डॉक्टरीण, डॉक्टर आबाया. तरुण होती, वही काढून बसली होती.

बिनिंगने आधी बोलून घेतलं. आठवडाभर साठलेलं सगळं. सुपारीला रक्त म्हणणाऱ्यांना, हाकेला वेड म्हणणाऱ्यांना, नऊ वेळा शंभरी पुरी केलेल्या माणसाला न विचारता त्याच्या डोक्याचा निकाल लावणाऱ्यांना तिने उभं आडवं सोलून काढलं. हमालांनी टाळ्या वाजवल्या. त्यांच्याकडे वळून ती म्हणाली, "तुम्ही वाजवू नका! तुम्ही हसलात!" टाळ्या थांबल्या.

मग तिने चित्रण लावलं, चाळीस मिनिटं, आवाजासकट.

बुटांच्या विनोदाला सभागृह हसलं. पाय सरकला तेव्हा बायकांनी चुक् चुक् केलं. हाक सुरू झाली तेव्हा सगळे गप्प झाले, कारण ढोल नव्हते, गंभीर माणूस नव्हता, नुसता एक म्हातारा स्वतःला घरी बोलावत होता. तिसऱ्या हाकेला त्याने मान वळवली आणि मागच्या बाकावरच्या दोन म्हाताऱ्या सवयीने बोलून गेल्या, "आलो, आलो." त्यांच्या आवाजाच्या पाठोपाठच ती कुजबुज सभागृहाच्या दोन्ही भोंग्यांतून मोठ्याने आली. सोन्यासारखं आलं. हलू नका लाकाय.

चित्रण पुढे चालू राहिलं. लाकाय पळत होता, मधेच वळून सांगत होता की वेळेची मुदत संपायला अजून पावणेतीन तास आहेत, काळजी नको. हिशोब बरोबर होता. पण बाकांवर आता पडद्याकडे फारसं कुणी बघत नव्हतं.

संपल्यावर डॉक्टर आबायाने वही मिटली. "मला यात गोंधळ कुठेच दिसत नाही," ती म्हणाली. "हे त्यांचं ओरडणं, ते काय आहे?"

कपितानने तिला सांगितलं. जीव मागे राहतो, बोलवायचं, सोबतच्याने ओ द्यायची.

"असं," ती म्हणाली. तिला खरंच समजून घ्यायचं होतं, तिच्या मनात दुसरं काही नव्हतं. "मग सोबत कोण होतं?"

हमाल पायाकडे बघत होते.

"मी," बिनिंग म्हणाली.

डॉक्टरणीने तिच्याकडे बघितलं, मग कागदावर सही केली. लाकाय आम्बिनो, नंबर चौदा, प्रवेश मान्य. कपितानने कागद वाचून दाखवला. सभागृहात हलकी टाळी पडली, लोक उठले, दारापाशी नंबराची रांग पुन्हा लागली. बिनिंग तारा गुंडाळत होती तेव्हा जोलोसर शेजारी येऊन उभे राहिले.

"धीराची आहेस," ते हळूच म्हणाले. "ती कुजबुज आम्ही फिल्मच्या जोडणीच्या वेळीच ऐकली होती. भाषांतर करणाऱ्या मुलीने अर्थ सांगितला. म्हटलं, बाईची अब्रू जाईल गावात. म्हणून तर वर ढोल टाकले."

बिनिंग सरळ झाली. "म्हणजे हाकेचाही अर्थ तुम्हाला माहीत होता."

"होता."

"घरी चल म्हणतोय, हे माहीत होतं. सुपारी आहे, हे माहीत होतं."

"बिनिंग, घरी चल म्हणणारा म्हातारा बघायला तिकीट कोण काढणार? तू स्वतः काय म्हणालीस त्या क्षणी? सोन्यासारखं आलं. मीपण पहिल्यांदा बघितलं तेव्हा अगदी हेच म्हणालो." त्यांनी तिच्या खांद्यावर हात ठेवला. "आता तू उघडच केलंयस, तर मला दे तो तुकडा आवाजासकट. दुसरा भाग करू. तुझ्यावर."

तिने तो हात झटकला. शिव्या तोंडाशी आल्या होत्या, आठवडाभर ती त्या घोळवत होती, आणि या माणसाला लागू पडणार नाही अशी एकही शिवी त्यात नव्हती. पण पहिलीच ओठावर आली आणि तिला जाणवलं की ती तिलाही तेवढीच लागू पडते. तरीही तिने त्यांना चालते व्हा म्हणून सांगितलं, इतक्या मोठ्याने की रांगेतल्यांनी मागे बघितलं. जोलोसर खांदे उडवून गेले.

मग ती लाकायकडे गेली. तो अजून पहिल्याच बाकावर बसला होता, मांडीवर डॉक्टरणीचा कागद. ती त्याच्यासमोर उकिडवी बसली. काय म्हणायचं ते तिने रात्रभर ठरवलं होतं.

लाकायने कागदाची घडी घातली, सदऱ्याच्या खिशात ठेवली आणि खिसा वरून दाबून बघितला. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता. राग असता तर तिला कुठेतरी पाय ठेवायला जागा मिळाली असती.

"वर्षभर मी घरात सगळ्यांना सांगत आलो," तो म्हणाला, "की तिथे वारा फार होता, पोरीला ऐकूच गेलं नसेल."

मग तो उठला, आणि नंबर घ्यायला रांगेत जाऊन उभा राहिला.